हॉलचा पीएस५, खोलीतला पीएस५ आणि एकदाच घेतलेले गेम: प्रकल्प नोंदी

७ जून २०२५, शनिवार

धाकट्याचा स्वतःचा पीएस५, म्हणजे सोनीचा प्लेस्टेशन ५ गेम कन्सोल, येऊन चार दिवस झाले. म्हणजे आता घरात दोन, हॉलमधला माझा जुना डिस्कवाला आणि त्याच्या खोलीतला नवा डिजिटल, ज्याला डिस्क घालायला फटच नाही. माझ्या अकाउंटवर डिजिटल, म्हणजे डिस्कशिवाय डाउनलोड करायचे, गेम चाळीसच्या आसपास, त्याच्यावर दहा-बारा. आल्या दिवशीच त्याने विचारलं, दादा तुझे सगळे गेम माझ्यावर चालतील ना, आणि मी पण ऐटीत म्हणून गेलो की चालतील की, त्यात काय.

त्यात काय ते आज कळलं. चार दिवस तो त्याच्या कन्सोलवर सरळ माझ्या अकाउंटने लॉगिन करून खेळत होता. मी ऑफिसात असायचो तोवर काही त्रास नाही, पण आज सुट्टी, मी हॉलमध्ये ऑनलाइन मॅचमध्ये आणि मधेच स्क्रीनवर आलं की दुसऱ्या पीएस५ वर साइन इन झालंय म्हणून तुम्हाला साइन आउट केलंय. एक अकाउंट एका वेळी एकाच पीएस५ वर साइन इन राहतं. खोलीत जाऊन बघतो तर साहेब निवांत खेळतायत, माझ्या नावाने, माझ्या ट्रॉफ्या गोळा करत.

म्हणून हा प्रकल्प. काय पाहिजे ते आधी लिहून ठेवतो म्हणजे नंतर भरकटायला नको. गेम एकदाच विकत घ्यायचा, दोघांनी खेळायचा, ज्याने त्याने आपापल्या अकाउंटने, आपापले सेव्ह (खेळ जिथवर आला त्याची नोंद), आपापल्या ट्रॉफ्या, आणि जमलं तर एकाच वेळी. डिस्कचे गेम ह्यात धरलेले नाहीत, कारण डिस्कचा हिशोब साधा आहे, डिस्क ज्याच्या कन्सोलमध्ये गेम त्याचा, आणि ह्याच्याकडे तर ड्राइव्हच नाही.

८ जून, रविवार

सकाळी चहा घेता घेता सेटिंग्ज उकरली. सगळं घोडं ज्या एका स्विचवर अडतं तो इथे आहे: सेटिंग्ज, मग युजर्स अँड अकाउंट्स, मग अदर, मग कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले. चालू किंवा बंद, बस एवढंच, पण ते समजायला मला दोन तास लागले, तर माझ्याच शब्दात लिहून ठेवतो.

डिजिटल गेम विकत घेतला की त्याचं लायसन्स दोन रस्त्यांनी वापरता येतं. एक रस्ता माणसाचा: ज्या अकाउंटने पैसे भरले ते अकाउंट कुठल्याही पीएस५ वर लॉगिन करून तो गेम खेळू शकतं, फक्त इंटरनेट पाहिजे, कारण दर वेळी कन्सोल सर्व्हरला विचारतो की हा गेम ह्या माणसाचाच ना. दुसरा रस्ता यंत्राचा: त्या अकाउंटने एक, आणि एकच, पीएस५ निवडून त्यावर हे शेअरिंग चालू करायचं, मग त्या कन्सोलवर जे कोणी बसेल, कुठल्याही युजरने, त्याला ते सगळे गेम खुले, आणि नेट नसलं तरी खुले.

आता गंमत अशी की आपण पहिल्यांदा कुठल्या पीएस५ वर लॉगिन केलं की हे शेअरिंग तिथे आपोआप चालू होऊन बसतं. म्हणजे माझं हॉलमध्ये चालू, धाकट्याचं त्याच्या खोलीत चालू, प्रत्येकाने आपला दुसरा रस्ता आपल्याच दारात संपवलेला. माझ्या कन्सोलवर मला माझे गेम पहिल्या रस्त्याने मिळणारच आहेत, तिथे दुसरा रस्ता खर्ची घालून फायदा कुणाला, तर कुणालाच नाही. म्हणजे उलट करायला पाहिजे. माझं शेअरिंग त्याच्या कन्सोलवर आणि त्याचं माझ्या. हे कागदावर दोन चौकोन काढून बाण मारेपर्यंत डोक्यात शिरत नव्हतं, आणि धाकट्याला सांगितलं तर तो म्हणे हे उलटं वाटतंय. वाटतंच.

दुपारी घाईघाईत माझं शेअरिंग त्याच्याकडे हलवलं आणि चाचणी म्हणून त्याच्या युजरने अ‍ॅस्ट्रोज प्लेरूम उघडला, धाडकन उघडला, दोघांनी टाळ्या दिल्या. रात्री झोपताना लक्षात आलं की तो गेम प्रत्येक पीएस५ मध्ये आधीपासून भरलेलाच येतो, फुकट, कुणालाही उघडतो. मी चावी लागते का बघायला मुळात कुलूपच नसलेलं दार उघडलं होतं. परत चाचणी करायची.

११ जून, बुधवार

आज शांतपणे, क्रमाने केलं. माझ्याकडून काय केलं ते:

हॉलमध्ये माझ्या युजरने जाऊन ते शेअरिंग बंद आहे ना ते बघितलं. होतं. मग खोलीतल्या कन्सोलवर माझा युजर होताच, त्याने लॉगिन करून तिथे शेअरिंग चालू आहे ना ते बघितलं. होतं. मग माझ्याच युजरमधून गेम लायब्ररीत जाऊन एक मोठा गेम डाउनलोडला लावला. ही गोष्ट धाकट्याला पटकन उमगली नव्हती, तो त्याच्या युजरने स्टोअरमध्ये जाऊन गेम शोधत होता आणि किंमत बघून माझ्याकडे संशयाने बघत होता. शेअर केलेले गेम त्याच्या खरेदीच्या यादीत जाऊन बसत नाहीत, माझ्या युजरमधून उतरवायचे, एकदा इन्स्टॉल झाले की सगळ्या युजरना दिसतात.

मग तेच उलट्या दिशेने. त्याचं अकाउंट हॉलच्या कन्सोलवर, पासवर्ड त्याने स्वतः टाकला, मी तोंड फिरवून उभा. त्याच्या खोलीतलं त्याचं शेअरिंग बंद, हॉलमध्ये चालू.

खरी चाचणी. मी मुद्दाम आधी माझं शेअरिंग खोलीत मिनिटभर बंद करून बघितलं. त्याच्या युजरवर गेमच्या चौकोनाच्या कोपऱ्यात छोटंसं कुलूप आलं, दाबलं तर उघडेना. परत माझ्या युजरने जाऊन चालू केलं, त्याच्या युजरला आलो, कुलूप गायब. दाबलं, उघडला. आता म्हणू शकतो की झालं. कुलूप राहिलंच तर त्याच अदर मेन्यूत रिस्टोअर लायसन्सेस आहे, ते चालवायचं, मला एका गेमसाठी लागलं.

एक वाईट बातमी पण आज कळली. पहिले चार दिवस तो माझ्या अकाउंटने खेळला ते सगळे सेव्ह माझ्या युजरचे. पीएस५ गेमचे सेव्ह ज्या अकाउंटचे त्याचेच, दुसऱ्याच्या अकाउंटला देता येत नाहीत, पेन ड्राइव्हवर पण घेता येत नाहीत, ती सोय फक्त पीएस४ च्या गेमच्या सेव्हना आहे. चार रात्रींची मेहनत, तिसरा बॉस, म्हणजे मोठा शत्रू, मारलेला, सगळं माझ्या नावावर. आता पहिल्यापासून. तो दहा मिनिटं काही बोलला नाही आणि मी पण खोलीत थांबलो नाही.

१४ जून, शनिवार

आज तो क्षण, ज्याच्यासाठी हे सगळं. मी विकत घेतलेला एक को-ऑप, म्हणजे मिळून खेळायचा, शूटर, एकच प्रत, आणि आम्ही दोघं एकाच वेळी, एकाच मॅचमध्ये, तो खोलीत मी हॉलमध्ये. मी माणसाच्या रस्त्याने, तो यंत्राच्या रस्त्याने, दोन रस्ते एकमेकांना आडवे जात नाहीत म्हणून चालतं. तासभर झकास.

मग मी परत साइन आउट. तेच सगळं, तोच मेसेज. ओरडलो तर आतून आवाज, दादा मी नाही काही केलं. केलं होतं. गेम बंद करून कन्सोल रेस्ट मोडमधून उठवताना युजर निवडायच्या स्क्रीनवर दोन चेहरे येतात, त्याने घाईत माझा दाबला. माझा युजर तिथे राहणं तर गरजेचं आहे, तर मग त्याला कुलूप घातलं: लॉगिन सेटिंग्जमध्ये चार आकडी पासकोड मागायचं चालू केलं. त्याच बैठकीत स्टोअरमध्ये खरेदी करताना पासवर्ड विचारायचं पण चालू केलं, कारण दुसऱ्याच्या कन्सोलवर आपलं अकाउंट ठेवणं म्हणजे पाकीट टेबलावर ठेवून जाण्यासारखं आहे, आपला भाऊ असला तरी. टू स्टेप व्हेरिफिकेशन दोघांचं आधीच चालू होतं, ते बरं. हे घरातल्या घरात आहे म्हणून ठीक, बाहेर कुणी ओळखीचा म्हणतो तुझं अकाउंट दे माझ्या कन्सोलवर टाकतो, त्याला माझं उत्तर नाही हेच असेल.

१५ जून, रविवार

डाउनलोडचं गणित. चाळीस गेम परत त्याच्या कन्सोलवर उतरवायचे नाहीतच, पण आठ-दहा तरी. आमची लाइन ५० एमबीपीएस. १०० जीबीचा गेम म्हणजे ८०० गिगाबिट, भागिले ५०, म्हणजे १६,००० सेकंद, साडेचार तासाला थोडं कमी, आणि तेही घरात दुसरं कोणी काही बघत नसेल तर. असे आठ म्हणजे दीड दिवस लाइन गुदमरलेली.

तर जुनी यूएसबी ३ ची हार्ड डिस्क काढली. पीएस५ तिला एक्स्टेंडेड स्टोरेज म्हणून फॉरमॅट करून घेतो, म्हणजे आधीचं सगळं पुसलं जातं, मी त्यातले जुने फोटो आधी काढून ठेवले, ही एक तरी अक्कल वेळेवर सुचली. पीएस५ चे गेम ह्या डिस्कवरून खेळता येत नाहीत, फक्त साठवता येतात, पीएस४ चे मात्र थेट तिच्यावरूनच चालतात. पण आम्हाला हमालीलाच पाहिजे होती. हॉलमध्ये गेम डिस्कवर कॉपी केले, सेटिंग्जमधून नीट बाहेर काढून मगच वायर उपटली, खोलीत लावली, तिथे आतल्या स्टोरेजवर कॉपी. १०० जीबीला एका बाजूने वीसएक मिनिटं. लायसन्स डिस्कबरोबर जात नाही हे ध्यानात ठेवायचं, डिस्कवरून जातो तो नुसता माल, चावी तीच, शेअरिंगवाली.

हब वापरून बघितला तर कन्सोलने डिस्क ओळखली नाही, थेट मागच्या पोर्टला लावायची.

माझ्या जुन्या कन्सोलचं स्टोरेज म्हणायला ८२५ जीबी, वापरायला मिळतं ६६७ च्या आसपास. ह्याच निमित्ताने हॉलमधले तीन वर्षं न उघडलेले पाच गेम उडवले. एकाचं तर नाव पण आठवत नव्हतं, मी कधी घेतला देव जाणे.

२१ जून, शनिवार

सकाळपासून नेट नाही. आणि आज ह्या सगळ्या मांडणीचा खरा चेहरा दिसला.

हॉलमध्ये मी कन्सोल लावला. माझ्या युजरवर माझ्याच पैशाने घेतलेल्या सगळ्या गेमवर कुलपं. आणि धाकट्याचे दहा-बारा गेम? सगळे उघडे, टकाटक चालतायत. खोलीत जाऊन बघतो तर तिकडे त्याचे स्वतःचे कुलूपबंद आणि माझे चाळीस त्याला हवे तसे मोकळे. मी त्याच्या गेमवर, तो माझ्या. ज्याची गाय त्याला ताक पण नाही.

चूक नाही ही, मी ८ तारखेला जे लिहिलंय त्याच्यातच हे होतं, यंत्राचा रस्ता ऑफलाइन चालतो आणि माणसाच्या रस्त्याला दर वेळी सर्व्हर लागतो. पण लिहिणं वेगळं आणि शनिवारी सकाळी आपल्याच गेमवरचं कुलूप बघत बसणं वेगळं. धाकटा खोलीच्या दारात उभा राहून म्हणाला, दादा, माझ्याकडे ये, तुझा गेम देतो खेळायला. चेहरा बघण्यासारखा होता त्याचा.

त्याच्या गेमपैकी ग्रॅन टुरिस्मो ७ लावायला गेलो, लायसन्सचा प्रश्न नाही, पण तो गेम मुळातच बहुतेक सगळा ऑनलाइन चालतो, एकट्याने खेळायचा भाग सुद्धा. म्हणजे शेअरिंग असून तिथे उपयोग शून्य. हे गेम घेताना बघायला पाहिजे, दोन गोष्टी वेगळ्या आहेत, लायसन्स ऑफलाइन चालणं आणि गेम ऑफलाइन चालणं.

उपाय सापडला तो अगदीच साधा. फोनचा हॉटस्पॉट चालू करून कन्सोल त्याला जोडला. जोडल्यावर काही सेकंदात कुलपं गेली, गेम उघडला. लायसन्स विचारायला डेटा नगण्य लागतो, पण एक गडबड झाली, कन्सोलने संधी साधून मागे एक अपडेट खेचायला सुरुवात केली, दीड जीबी गेल्यावर माझ्या लक्षात आलं. आधी डाउनलोड थांबवायचे, मग हॉटस्पॉट.

२२ जून, रविवार

घरचं झालं थोडं, व्याह्यानं धाडलं घोडं. ताई आली, भाच्याला घेऊन. हॉलचा टीव्ही मोठा म्हणून दोघं हॉलच्या कन्सोलवर बसले. ताईचा युजर तिथे पहिल्यापासून आहे, दर वेळी आली की ती माझा एक कोडी गेम खेळते, अर्धा झालाय तिचा. आज उघडायला गेली तर कुलूप.

"अरे, माझा गेम का बंद केलास?"

मी बंद केलाच नव्हता, मी दोघांचा हिशोब करताना तिसऱ्याचा विसरलो. पूर्वी माझं शेअरिंग हॉलमध्ये होतं म्हणून ताईला माझे गेम तिथे उघडत होते. आता हॉलमध्ये धाकट्याचं शेअरिंग आहे, म्हणजे ताईला हॉलमध्ये धाकट्याचे गेम मिळणार, माझे नाही. तिला माझे पाहिजेत तर खोलीत जाऊन बसायचं, तिथे उलट धाकट्याचे मिळणार नाहीत. म्हणजे ही अदलाबदल बरोबर दोन माणसांनाच पुरते, ज्यांची अकाउंटं त्यात आहेत त्यांना दोन्हीकडे दोघांचे गेम, तिसऱ्या कुणालाही जिथे बसेल तिथे एकाचेच. ताईला हे समजावताना मी परत कागदावर चौकोन काढले, ती म्हणाली मला चौकोन नको, गेम दे.

तर ताईचा युजर खोलीतल्या कन्सोलवर पण काढला. तिचा अर्धा गेम हॉलमध्ये अडकलेला, तिच्याकडे प्लस (सोनीची पैसे भरून घ्यायची पीएस प्लस मेंबरशिप) नाही म्हणजे सेव्ह इंटरनेटवर ठेवायची, क्लाउड सेव्हची सोय नाही, पण नशिबाने तो कोडी गेम पीएस४ चा निघाला, म्हणून सेव्ह पेन ड्राइव्हवर घेऊन तिकडे टाकता आला. पीएस५ चा असता तर पेन ड्राइव्हचा हा रस्ता नव्हता.

भाच्याचं पण तिथेच चाइल्ड अकाउंट काढलं, फॅमिली मॅनेजर ताई. त्याला माझ्या लायब्ररीतले त्याच्या वयाच्या पातळीच्या वरचे गेम उघडता येत नाहीत, शेअर असले तरी, वयाची मर्यादा लायसन्सच्या वरचढ आहे. त्याने विचारलं मामा ह्याच्यावर का जाता येत नाही, मी म्हणालो आईला विचार.

२४ जून, मंगळवार

आज आळसाने एक गाढवपणा केला, लिहून ठेवतो.

ताईच्या प्रकरणानंतर वाटलं की एकदा सगळं पुसून नव्याने मांडून बघावं, कदाचित काही अजून चांगली जोडणी सुचेल. खोलीत धाकटा अभ्यास करत होता, उठून तिकडे जायचा कंटाळा, म्हणून लॅपटॉपवर अकाउंटच्या वेबसाइटवर गेलो, डिव्हाइस मॅनेजमेंट, तिथे सगळी डिव्हाइस एकदम डिॲक्टिव्हेट करायचं बटण, म्हणजे माझं शेअरिंग लांबूनच बंद. दाबलं. दाबल्यावर नीट वाचलं की हे सहा महिन्यांतून एकदाच मिळतं.

संध्याकाळी आतून हाक, दादा सगळ्यावर कुलूप. गेलो, माझ्या युजरने पासकोड टाकून आत शिरलो, शेअरिंग परत चालू केलं, दोन मिनिटांचं काम, कारण कन्सोलवर बसून चालू-बंद करायला ही सहा महिन्यांची अट आड येत नाही. म्हणजे आत्ता नुकसान काही नाही. पण ते बटण खरं कशासाठी असतं तर कन्सोल जळाला, हरवला, किंवा शेअरिंग बंद न करताच कुणाला देऊन टाकला, अशा वेळी लांबून सोडवायला. ती एकमेव दोरी मी उठून दहा पावलं चालायच्या कंटाळ्यापायी वापरून टाकली. आता २४ डिसेंबरपर्यंत दोन्ही कन्सोल नीट जपायचे, आणि कुठलाही रीसेट करायचा असेल किंवा विकायचा असेल तर आधी शेअरिंग हाताने बंद करायचं.

१ जुलै, मंगळवार

पहिला मंगळवार म्हणजे प्लसचे महिन्याचे गेम. घरात पीएस प्लस फक्त माझ्याकडे आहे, आणि माझं शेअरिंग खोलीत असल्यामुळे तिथल्या सगळ्या युजरना त्याचा फायदा मिळतो, ऑनलाइन मल्टिप्लेअर पण आणि मी लायब्ररीत घेतलेले महिन्याचे गेम पण. धाकट्याने ह्या महिन्याला प्लस घ्यायचा विचार सोडून दिला. गेम मात्र माझ्याच अकाउंटने वेळेत लायब्ररीत घालून घ्यायला पाहिजेत, महिना उलटला की गेले, आणि माझं प्लस संपलं की दोघांचेही बंद.

जे मिळत नाही ते क्लाउड. माझ्या सेव्हना १०० जीबी जागा आहे, धाकट्याच्या सेव्हना काही नाही, ते त्याच्या त्या एकाच कन्सोलमध्ये. म्हणजे तो हॉलमध्ये येऊन खेळायला लागला तर पीएस५ चे बहुतेक गेम पहिल्यापासून सुरू. मी मात्र दोन्हीकडे हवं तिथून पुढे चालू करू शकतो, फक्त कुठला सेव्ह ठेवायचा असं विचारलं की तारीख वाचून बटण दाबायचं, झोपेत नाही.

गेममधले पैसे, म्हणजे ती नाणी-रत्नं वगैरे, ती पण वाटली जात नाहीत, ज्याच्या अकाउंटने घेतली त्याचीच. नव्या नकाशांचं, नव्या भागांचं वगैरे डीएलसी मात्र गेमसारखंच शेअर होतं.

५ जुलै, शनिवार

को-ऑपमध्ये आठवडाभर एक त्रास होता, मी त्याला बोलावलं की कधी जोडलं जायचं कधी नाही, आवाज तुटायचा. मला आधी वाटलं शेअरिंगचंच काहीतरी. नव्हतं. नेटवर्क टेस्ट केली तर हॉलमध्ये नॅट टाइप २, खोलीत टाइप ३ (हा आकडा जितका मोठा तितकं दुसऱ्या खेळाडूंशी जोडणं अवघड). मग आठवलं की काही वर्षांपूर्वी मीच राउटरमध्ये सगळे गेमचे पोर्ट, म्हणजे इंटरनेटवरून आत यायची नंबरवार दारं, हाताने हॉलच्या कन्सोलकडे वळवून ठेवले होते. एक पोर्ट एकाच यंत्राकडे वळवता येतो, दुसरा कन्सोल त्याच पोर्टसाठी दारात उभा राहून राहून थकायचा. ते सगळे नियम काढले, यूपीएनपी चालू केलं म्हणजे दोघं आपापले पोर्ट राउटरकडे स्वतः मागून घेतात, राउटर आणि दोन्ही कन्सोल बंद करून चालू केले, दोन्हीकडे टाइप २. खोलीत अजून वायफायच आहे, केबल ओढायची तर दाराखालून जाते आणि आई त्यात पाय अडकवते, तो विषय बंद.

६ जुलै, रविवार

ताईने फोन करून विचारलं की भाच्याला निन्टेंडोचा स्विच कन्सोल घ्यायचाय, तर त्यातही हीच कटकट आहे का. बसून बघितलं. तिथे २०२५ च्या एप्रिलअखेरीच्या अपडेटपासून डिजिटल गेम व्हर्च्युअल गेम कार्ड झालेत, म्हणजे एका कन्सोलमधून कार्ड काढायचं आणि दुसऱ्यात घालायचं, अगदी खऱ्या कार्डासारखं. दोन कन्सोल पहिल्यांदा जवळ आणून जोडून घ्यायचे, मग पुढे इंटरनेटवर काम होतं. फॅमिली ग्रुपमधल्या दुसऱ्याला १४ दिवसांसाठी उसना पण देता येतो, मुदत संपली की आपोआप परत येतो. ताईला हे एका वाक्यात समजलं, माझे चौकोन तीन वेळा काढूनही नव्हते समजले. पण कार्ड म्हटलं की ते एका वेळी एकीकडेच, आमच्यासारखं एका प्रतीत दोघं एकदम खेळायचं तर कार्डाच्या हिशोबात ते बसत नाही. मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स कन्सोलचं पीएस५ सारखंच आहे, त्याला होम एक्सबॉक्स म्हणतात, फक्त तो वर्षात ५ वेळाच बदलता येतो, आणि सेव्ह क्लाउडवर ठेवायचे वेगळे पैसे नाहीत, ह्याचा मला हेवा वाटतो.

हे वाचता वाचता २०१३ आठवलं. एक्सबॉक्स वनची मूळ योजना अशी होती की कन्सोलने २४ तासांतून एकदा तरी इंटरनेटवर हजेरी लावायची, आणि त्याबदल्यात घरातल्या दहा जणांपर्यंत आपली लायब्ररी वाटता येणार. लोकांनी एवढा गदारोळ केला की १९ जून २०१३ ला सगळं मागे घेतलं, हजेरी पण आणि ती वाटणी पण. तेव्हाच सोनीने पीएस४ वर गेम कसा शेअर करायचा म्हणून काही सेकंदांचा व्हिडिओ काढला होता, एक माणूस दुसऱ्याच्या हातात गेमचा डबा देतो, संपलं. मी तेव्हा खूप हसलो होतो. आता माझ्याकडे डब्याऐवजी पासकोड, हॉटस्पॉट आणि डिसेंबरची तारीख आहे.

१३ जुलै, रविवार

आठवडाभर काही बिघडलं नाही. दोन्ही कन्सोलच्या मागे कागद चिकटवलाय, हॉलवर लिहिलंय "इथे धाकट्याचं शेअरिंग", खोलीत "इथे दादाचं शेअरिंग, दादाचा चेहरा दाबू नये". दुसरं वाक्य त्यानेच लिहिलंय.

काल रात्री अकराला त्याने तो तिसरा बॉस परत मारला, ह्या वेळी त्याच्या अकाउंटवर. मला कसं कळलं, तर माझ्या युजरमध्ये त्याचा चार रात्रींचा जुना सेव्ह अजून पडलेला आहे, मी तिथूनच पुढे खेळत होतो हॉलमध्ये, चौथ्या बॉसवर अडकून, आणि तो पाणी प्यायला बाहेर आला तेव्हा उभा राहून बघत म्हणाला, दादा, हा माझा सेव्ह आहे ना?

फोनमध्ये २४ डिसेंबरला रिमाइंडर लावलाय: बटण परत मिळालं का ते बघायचं, दाबायचं नाही.